रिकाम्या खाटेचे ठोके

साडेनऊला गेलेली वीज दहा वाजले तरी आली नाही, तेव्हा दोन्ही भाचरं मामांना घेऊन गच्चीवर आली. खाली सगळी गल्ली काळी होती. भाचा इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला. भाची त्याच्याहून दोन वर्षांनी मोठी, सोमवारपासून एका वर्तमानपत्रात रुजू होणार होती आणि हे आठवड्याभरात तिचं सगळ्यांना चारदा सांगून झालं होतं.

"मामा, भुताची गोष्ट सांगा ना," ती म्हणाली.

"भूत नको," भाचा म्हणाला. "भुतं संपली. काहीतरी सायन्सचं सांगा. मशीन, रोबो, असलं काहीतरी."

मामांनी उभी हयात बातमीदारीत घालवली होती. घरातल्या माणसाशी बोलतानासुद्धा समोर मंत्री बसलाय आणि त्याने काहीतरी लपवलंय अशा सुरात ते बोलत.

"भुतं संपली? ही बातमी कुणी दिली तुला? अरे शहाण्या, दोनशे वर्षांपूर्वी मोठमोठे विद्वान मेलेल्या बेडकाच्या पायाला तारा जोडायचे. पाय लाथ मारायचा. पुढे त्यांनी फाशी गेलेल्या माणसाच्या प्रेताला तारा लावल्या, भर सभेत. प्रेताचा जबडा हलला, एक डोळा उघडला. बघायला आलेल्या काहींनी टाळ्या वाजवल्या, काही जण घाबरले. आता तू सांग. ते विज्ञान होतं की भूत?"

"विज्ञान. करंट लागला की स्नायू आकसतात."

"आणि डोळा उघडला तेव्हा आतून कोण बघत होतं?"

भाचा नुसता हसला.

"त्याच काळात लोकांनी विज्ञानाच्या पहिल्या गोष्टी लिहिल्या," मामा म्हणाले. "त्या भुतांच्या कपाटात ठेवायच्या की विज्ञानाच्या, हे आजतागायत कुणाला कळलेलं नाही. मी सांगतो ती गोष्टही तशीच आहे. माझ्या ओळखीच्या माणसाची आहे आणि घडलेली आहे. मधे उठायचं नाही. आणि शेवटी 'असं कसं होईल' म्हणून मला विचारायचं नाही. ते माहीत असतं तर मी तेव्हाच छापलं असतं."

त्यांनी पाण्याचा घोट घेतला आणि सांगायला सुरुवात केली.

तर, अकरा वर्षांपूर्वी. नोव्हेंबरची चोवीस तारीख, रविवार, रात्रीचे पावणेअकरा. आकाशात चांगला अर्धा चंद्र होता, कुत्री शांत होती, भुताला लागतं असलं काहीही नव्हतं. एका मोठ्या हॉस्पिटलच्या आवारात, नोकरांच्या क्वार्टरमध्ये, एक माणूस जेवून हात धूत होता. त्याला सगळे फ्यूज म्हणायचे. हॉस्पिटलातली मशिनं दुरुस्त करणं हे त्याचं काम. काटकुळा, चटकन तापणारा आणि तापला की दुसऱ्याला काही न करता स्वतःच विझणारा. नाव ज्याने ठेवलं त्याला माणसांची पारख होती.

फोन वाजला. मोठे साहेब, म्हणजे हॉस्पिटलचे अधीक्षक.

"जेवलास का रे?"

साहेबांनी जेवणाची चौकशी केली की समजायचं, काहीतरी नको ते काम आहे.

"जेवलो, साहेब."

"मग जरा पाय मोकळे करून ये. खाली स्टोअरमध्ये तो सात नंबरचा मॉनिटर ठेवलाय ना, त्याच्या पोटातलं सगळं साफ कर. उद्या अकराला समिती बसतेय. पाच मिनिटांचं काम."

"साहेब, त्यात त्या रात्रीची नोंद आहे."

"म्हणूनच तुला सांगतोय, दुसऱ्या कुणाला नाही. आणि हे बघ, रजिस्टरवर सही तुझी आहे. माझी कुठेच नाही."

फोन बंद झाला. फ्यूजने स्क्रू ड्रायव्हर, टेस्टर आणि टॉर्च पिशवीत टाकले. बायको म्हणाली, "रविवारी रात्री कसलं काम काढलं? आणि काय हो, उद्या त्या सिस्टरचं काय होईल?" तो म्हणाला, "मला काय विचारतेस? मी काय समितीत आहे?" आणि दार ओढून घेतलं.

आता सिस्टरचं काय झालं होतं ते सांगतो, म्हणजे पुढचं कळेल.

त्याआधी बारा दिवस, बारा तारखेला, मंगळवारी, हॉस्पिटलात तपासणी पथक आलं होतं. आयसीयूत आठ खाटा, आठ मॉनिटर आणि सगळं चालू असेल, तर मोठं मानांकन मिळणार होतं. मॉनिटर म्हणजे खाटेच्या उशाशी असतो तो पडदा. छातीला तीन तारा लावतात आणि हृदयाची हिरवी रेघ त्यावर पळते. सात मॉनिटर धड होते. आठवा, म्हणजे सात नंबरच्या खाटेवरचा, मेला होता. पडदा ठीक होता, पण शरीरातून ठोका पकडणारा आतला बोर्ड जळला होता. फ्यूजने नवा बोर्ड मागून चार महिने झाले होते. त्याचा कागद कुणाच्या तरी टेबलावर कपाखाली होता.

"पडदा चालू दिसला म्हणजे झालं," साहेब म्हणाले होते. "काय करायचं ते तू बघ. तू हुशार आहेस."

फ्यूजने काय केलं? त्या धंद्यातले लोक करतात तेच केलं. प्रदर्शनात असली मशिनं विकायला मांडतात, तेव्हा समोर पेशंट नसतो. म्हणून कंपनीने आत एक सोय करून ठेवलेली असते, डेमोची. ती चालू केली की मशीन आपल्या मनानेच ठोके काढतं. मिनिटाला बहात्तर. एक कमी नाही, एक जास्त नाही. रेघ पळते, टिक टिक आवाज येतो, सगळं जिवंत माणसासारखं. उलट जिवंत माणसापेक्षा नीटनेटकं. फक्त वरच्या कोपऱ्यात 'डेमो' असा शब्द लुकलुकत राहतो. त्याच्यावर काळ्या टेपचा तुकडा लावला की काम फत्ते. त्या हॉस्पिटलात निम्म्या मशिनांना कुठे ना कुठे टेप होतीच. तिथे टेप हा मशीनचाच अवयव होता.

"म्हणजे फसवणूकच की," भाचा म्हणाला.

"छे, छे. त्याला प्रात्यक्षिक म्हणतात," मामा म्हणाले.

पथक फिरत फिरत सात नंबरच्या खाटेपाशी आलं. पथकातले तिघं, मोठे साहेब, एक फोटोग्राफर आणि एक बातमीदार. सहा जण. खाट रिकामी होती. चादर ताणलेली, उशी फुगवलेली, आणि उशाशी पडद्यावर हृदय चाललेलं. टिक, टिक, टिक, टिक. सहा शिकलेली माणसं त्या खाटेसमोर उभी राहिली, हसली, मान हलवली. एकाच्याही तोंडून निघालं नाही, की अहो, खाटेवर कुणी नाही, मग हे ठोके कुणाचे?

बातमीदार तर स्वतःला भलता शहाणा समजायचा. तो फोटोग्राफरला म्हणाला, "ती हिरवी रेघ फोटोत येऊ दे. झकास दिसतेय." गाढव.

पथक गेल्यावर फ्यूज मॉनिटर बंद करायला आला, तर साहेब म्हणाले, "राहू दे. उद्या सकाळी ते परत एक चक्कर मारणार आहेत." फ्यूजने 'वापरू नये' अशी चिठ्ठी लिहून पडद्यावर चिकटवली. साहेबांनी ती काढून त्याच्या हातात दिली. मग त्याने ती मॉनिटरच्या पाठीवर चिकटवली. पाठ भिंतीला टेकलेली. म्हणजे फ्यूज खरं बोलला, नाही असं नाही. पण भिंतीशी बोलला. आणि घरी गेला.

आठ वाजता रात्रपाळीची सिस्टर आली. आठ खाटांना ती एकटी. तिला कुणी काही सांगितलं नाही. नऊला एक पेशंट आली. साठीची बाई, शिवणकाम करणारी, उभा जन्म पायमशीनवर गेलेला. सोबत एकुलती एक लेक. दुसरी खाट रिकामी नव्हती, म्हणून तिला सात नंबर मिळाला. बाई दुखण्यातसुद्धा गमतीची होती. सिस्टरने मनगट हातात घेतलं तर म्हणाली, "मोजा मोजा. माझं हृदय तीन टाके घालतं आणि चौथा सोडतं. दोरा हलका लागलाय."

आणि खरंच तसंच होतं. तीन ठोके, मग खड्डा. तीन ठोके, खड्डा. सिस्टरने ते कागदावर लिहिलं, औषध दिलं, छातीला तारा लावल्या. अकरा वाजता पडद्याकडे पाहिलं तर बहात्तर. एकसारखे. खड्डा नाही. तिला वाटलं, औषध लागू पडलं. ती लेकीला म्हणाली, "ताई, आता तुम्ही बाकावर जरा पाठ टेका. आईचं सगळं छान चाललंय. बघा ना, घड्याळासारखं."

पहाटे पाच चाळीसला ती रक्त घ्यायला आली. बाईचा हात गार होता. आत्ता झालेला गार नाही. केव्हाचा तरी. आणि उशाशी... बहात्तर.

मामांनी चष्मा काढून पुसला आणि परत लावला.

पुढचं तुम्हाला सांगायला नको. रजिस्टरमध्ये मशीन 'चालू' होतं. मग चूक कुणाची? माणसाची. आणि माणूस तिथे एकच, सिस्टर. निष्काळजीपणा, रात्रभर पेशंट तपासला नाही, निलंबन. तेवीस तारखेला ती जबाबावर सही करायला आली, तेव्हा बाहेरच्या बाकावर फ्यूज तिला भेटला. ती त्याला दादा म्हणायची.

"दादा," ती म्हणाली, "माझं बोट खरं सांगत होतं हो. तीन आणि खड्डा. मी बोटावर विश्वास ठेवला नाही, पडद्यावर ठेवला. असं कसं झालं? तुम्हाला मशीनचं कळतं, तुम्हीच सांगा."

फ्यूजने तिला चहा आणून दिला. तेवढंच केलं. तिने दोनदा विचारलं, तो दोनदा म्हणाला, "चहा निवतोय."

आता त्या रविवारकडे चला.

स्टोअर तळघरात होतं. मोडक्या खाटा, चाकं गेलेल्या खुर्च्या, भिंतीला उभ्या केलेल्या मेलेल्या ट्यूबलाइट. एक दिवा होता, तो भुरभुरत होता. कोपऱ्यात टेबलावर सात नंबरचा मॉनिटर. तीन तारा खाली लोंबत होत्या. त्याची बॅटरी फ्यूजने तेरा तारखेलाच काढून आपल्या ड्रॉवरमध्ये ठेवली होती. हे लक्षात ठेवा. आत बॅटरी नव्हती.

त्याने वायर भिंतीतल्या सॉकेटला लावली. पडदा उजळला. नोंदी उघडल्या. आणि त्याला ती ओळ दिसली. बारा नोव्हेंबर, सकाळी दहा पाच, डेमो चालू. तेरा नोव्हेंबर, सकाळी पाच बावन्न, डेमो बंद. रात्रभर मशीन थापा मारत होतं, हे मशीननेच प्रामाणिकपणे लिहून ठेवलं होतं. माणसाने नव्हतं लिहिलं. ही एक ओळ उद्या अकराला समितीने वाचली असती, तर सिस्टर ताठ मानेने घरी गेली असती. आणि फ्यूज क्वार्टरमधून बाहेर.

तो म्हणायचा, मी दोन मिनिटं नुसता उभा होतो. बोट बटणापाशी.

पडद्यावर प्रश्न होता, सर्व नोंदी पुसायच्या? हो. नाही.

त्याने 'हो' दाबलं.

नोंदी शून्य. पाच मिनिटांचं काम, चारच लागली. त्याने प्लग काढला. पडदा काळा झाला. वायर गुंडाळली, पिशवी उचलली, दिवा मालवला, दाराकडे वळला.

टिक.

तो थांबला. समोरच्या भिंतीवर हिरवा उजेड पडला होता. त्याची स्वतःची सावली त्यात उभी होती.

टिक. टिक. टिक.

त्याने मागे वळून पाहिलं. पडदा चालू. बहात्तर. फ्यूज लगेच घाबरला नाही, कारण तो मशीनवाला होता. तो मनात म्हणाला, आतल्या कपॅसिटरमध्ये वीज उरते. दहा सेकंद, फार तर वीस. विझेल. त्याने मोजायला सुरुवात केली. दहा झाले. वीस झाले. चाळीस. मिनिट झालं.

गुंडाळलेली वायर टेबलावर होती, प्लग कशालाच लावलेला नव्हता.

"मशीनमध्ये दुसरी छोटी बॅटरी असते," भाचा हळूच म्हणाला. "घड्याळासाठी."

"असते. शर्टाच्या बटणाएवढी. तिच्यावर पडदा चालतो?"

"...नाही."

"मग ऐक."

फ्यूज टेबलापाशी गेला. रेघ पळत होती. सरळ, सुबक, प्रदर्शनातली. टिक, टिक, टिक, टिक.

टिक, टिक, टिक...

एक ठोका आला नाही.

टिक, टिक, टिक...

डेमोला खड्डा माहीतच नसतो. कंपनीने त्यात तो घातलेलाच नाही. डेमोचा माणूस कधी आजारी पडत नाही.

तीन. आणि खड्डा.

तीन टाके. एक सुटलेला.

त्याला बाकावरची सिस्टर आठवली. माझं बोट खरं सांगत होतं, दादा. पण हाताला सवय असते. मशीन खरं बोलतंय की खोटं, हे बघायची त्या धंद्यात एकच रीत. तारा स्वतःला लावून बघायच्या. आतला बोर्ड तर जळलेला. म्हणजे काहीच फरक पडायला नको. फरक पडला नाही तर समजायचं की मशीन बिघडलंय, बास. मग निवांत घरी जायचं. म्हणून त्याने शर्टाची बटणं काढली. एक क्लिप उजवीकडे. एक डावीकडे. एक खाली.

क्लिपा गार असतात. त्या गार नव्हत्या.

त्याचं हृदय धडधडत होतं. मिनिटाला सव्वाशे तरी. पडद्यावर मात्र सावकाश... तीन, खड्डा. तीन, खड्डा. त्याला हायसं वाटलं. बघ, म्हणाला, माझं नाही. बोर्ड मेलेलाच आहे. हे काहीतरी आतलं.

खात्री करायला त्याने दोन बोटं गळ्यापाशी ठेवली.

धड, धड, धड...

बोटांखाली काहीच नाही.

धड, धड, धड...

त्याने पडद्याकडे पाहिलं. पडदा आणि बोट. एकाच वेळी.

धड. धड. धड.

...

बोट खोटं सांगत नाही. तिने म्हटलंच होतं.

मग आकडा उतरायला लागला. बहात्तर. साठ. एक्कावन्न. खड्डा लांबत चालला. तो म्हणायचा, दुखत नव्हतं. नुसतं शांत वाटत होतं. कुणीतरी शेजारी झोपलंय आणि आपणही झोपावं, असं. चव्वेचाळीस. अडतीस. हाक मारावी वाटली. पण कुणाला? आणि कुणी येऊन काय बघणार? पडदाच बघणार.

त्याला बाकावर झोपलेली त्या बाईची लेक दिसत होती... असं तो म्हणायचा. का म्हणायचा, मला माहीत नाही.

एकतीस.

त्याने तारा ओरबाडल्या. कातडीसकट निघाल्या.

पडदा चालूच.

तीन. खड्डा.

आणि बाजूच्या फटीतून ठोक्यांची रेघ छापलेली कागदाची पट्टी सरकायला लागली. हळू. कुरकुर आवाज करत. त्याने बटण दाबलं नव्हतं. त्याने कशालाच हात लावला नव्हता. हातभर पट्टी आली तशी त्याने ती फाडली आणि पळाला. जिन्यात पडला. उठला. पळाला.

घड्याळात बारा वीस झाले होते. पाच मिनिटांचं काम.

मामा थांबले. खालून कुणाची तरी सायकल गेली, तिची चेन कुरकुरत गेली. भाची भावाच्या जवळ सरकली, पण सरकल्याचं दाखवलं नाही.

"मग तो घरी गेला?" तिने विचारलं.

नाही. रात्री एक दहाला तो त्या बातमीदाराच्या दारात उभा होता. शर्टाची बटणं चुकलेली, छातीवर रक्त, हातात पट्टी. बातमीदाराने आधी त्याच्या तोंडाचा वास घेतला. मग आत घेतलं. फ्यूजने सगळं सांगितलं. बोर्ड, टेप, भिंतीकडची चिठ्ठी, साहेबांचा फोन, पुसलेल्या नोंदी आणि तळघर. बातमीदाराने चार पानं लिहून घेतली. खाली सही घेतली. "उद्याच्या उद्या छापतो," म्हणाला. छाती फुगवून म्हणाला.

सकाळी आठला ती पानं संपादकाच्या टेबलावर. संपादकाने पहिली तीन पानं वाचली, तोपर्यंत त्याच्या कपाळाला आठ्या होत्या. चौथं वाचलं आणि आठ्या गेल्या.

"अरे, भुताच्या गोष्टी रविवारच्या पुरवणीत जातात," तो म्हणाला.

"भूत सोडा. मशीनचं छापू."

"मशीनच्या नोंदी कुठेत?"

"त्याने पुसल्या."

"मग उरलं काय? भूतच ना?"

"फोटो आहे! आपल्याच पेपरात तेरा तारखेला आलेला. खाट रिकामी आणि पडद्यावर ठोके. बघा, बघा तुम्ही!"

संपादकाने फोटो पाहिला. बराच वेळ पाहिला. मग म्हणाला, "इतक्या हजार लोकांनी हा पाहिला. एकाचंही पत्र आलं का? आणि खाली बातमी कुणाची आहे? तुझीच. 'अत्याधुनिक, जीव वाचवणारी यंत्रणा.' कुठला तू खरा धरायचा, तेराचा की आजचा?"

याला उत्तर नव्हतं. म्हणजे होतं. राजीनामा हे उत्तर होतं. ते त्याने दिलं नाही.

अकराला समिती बसली. आणि आमचा फ्यूज, जन्मभर विझत आलेला माणूस, त्या दिवशी उभा राहिला. "सिस्टरची चूक नाही. मशीन डेमोवर होतं. मी ठेवलं होतं," म्हणाला. साहेब निवांत पाणी प्यायले. समितीने विचारलं, नोंद? पुसली. कुणी सांगितलं पुसायला? साहेबांनी. साहेब म्हणाले, "मी फक्त मशीन स्वच्छ ठेव म्हणालो." बातमीदाराने फोटो पुढे केला. साहेब म्हणाले, "चाचणी चालू होती." मग समितीने फ्यूजला विचारलं, काल नोंद पुसली आणि आज कबूल करता, मधे काय झालं? फ्यूज खोटं बोलू शकला असता. मन खायला लागलं म्हणाला असता तरी चाललं असतं. पण त्या दिवशी तो खरं बोलायलाच आला होता. त्याने तळघर सांगितलं. पट्टी टेबलावर ठेवली. पट्टीवर वरती छापलं होतं, खाट सात, पंचवीस नोव्हेंबर, बारा वाजून चौदा मिनिटं, डेमो.

समितीतला एक जण खोकल्याआड हसला. दुसरा अगदी मायेने म्हणाला, "यांना विश्रांतीची गरज आहे."

खोलीत एकीलाच हसू आलं नाही. त्या बाईच्या लेकीला. ती पट्टी बघत होती आणि टेबलाखाली तिचा पाय हलत होता. पायमशीनवर हलतो तसा. तीनदा. मग थांबायचा. तिला ते कळतही नव्हतं. तिने एकच विचारलं, "आई नक्की किती वाजता गेली?" समिती म्हणाली, "पाच चाळीस." कागदावर तेच आहे. आजही.

"आणि सिस्टर?" भाचीने विचारलं.

"काढली. आता कापडाच्या दुकानात घड्या घालते. साहेब वर चढले. मानांकनाची फ्रेम दारातच लावली आहे, तिच्यावर छोटा दिवासुद्धा आहे. फ्यूजला वैद्यकीय कारणावरून घरी पाठवलं. आणि त्यात मात्र कुणी खोटेपणा केला नाही बरं का. तीन डॉक्टरांनी तपासलं. तिघांनी लिहिलं, दर चौथा ठोका पडत नाही. तो आठ वर्षं तसाच जगला. तीन वर्षांपूर्वी गेला. झोपेत."

"खरं बोलला तरी," भाचा म्हणाला.

"खरं बोलला. पण एक रात्र उशिरा. तेवढं पुरतं रे. तेवढ्यात बातमीची भुताची गोष्ट होते."

"मामा," भाची म्हणाली, "तो बातमीदार..."

"नोकरी पूर्ण करून रिटायर झाला. निरोप समारंभात त्याच्या निर्भीडपणावर तीन भाषणं झाली. ती पट्टी त्याने समितीच्या टेबलावरून तेव्हाच उचलली होती." मामांनी खिशातून पाकीट काढलं, पाकिटातून प्लॅस्टिकचं कव्हर, आणि कव्हरातून घडी केलेली कागदाची पट्टी. "सोमवारी तू कामावर जाणार. रिकाम्या खाटेसमोर तुलाही उभं करतील. म्हणून सांगितलं. आता मोबाइलचा उजेड पाड."

भाच्याने उजेड पाडला. पट्टी हातभर होती, एका टोकाला तिरकी फाटलेली. त्याने ती बोटांत धरून पाहिली.

"हा थर्मल कागद आहे. शाई नसते याला, गरम करून छापतात."

"किती वर्षं टिकतं छापलेलं?"

"पाच. फार तर सात. मग उडून जातं."

"आज अकरा झाली. वाच, वरती काय लिहिलंय."

भाच्याने पट्टी उजेडाजवळ नेली. दूर नेली. उलटी केली. वरती काहीच नव्हतं. खाट नाही, तारीख नाही, वेळ नाही, डेमो नाही. कागद दुधासारखा कोरा होता.

आणि त्यावर मधोमध रेघ होती. काळी. आत्ता छापल्यासारखी.

भाचीने तिच्यावर बोट ठेवलं आणि हळूहळू पुढे नेलं. एक. दोन. तीन. खड्डा. एक. दोन. तीन. खड्डा. बोट फाटलेल्या टोकाशी आलं. तिथे कागद संपला, पण बोटाखालचे ठोके थांबले नाहीत.

एक.

दोन.

तीन...